आमच्याखाली मेगाथ्रस्ट नाय

१२ जानेवारी, रविवार

आज बेलपाड्याला आईकडे जाऊन आले. आठवडाभर गणूचे फोन चालू होते, "ताई, जमीन हलतं गो." मी दर वेळी "रस्त्याच्या कामाचे सुरुंग असतील रे" म्हणून त्याला गप्प करत होते. धाकटा भाऊ सांगतो ते इतक्या सहज खरं कसं मानायचं? आज ओटीवर चहा पीत असताना जमिनीखालून घरघर आली, बशीत कप थरथरला आणि कौलांतून बारीक माती माझ्या चहात पडली. संपलं. आई म्हणाली, "आला. रोजचाच झालाय." दारावर सुकी मासळीवाली आली असं सांगावं तसं.

सगळा पाडा खळ्यात निजतोय. भात झोडून कणगे भरले, आणि ते कणगे घरात ऊबेला ठेवून माणसं बाहेर शेकोटीभोवती. खर्डीच्या आतल्या पाड्यांतली थंडी लहानपणापासून माझ्या हाडांत आहे. पाड्यातल्या रविनाचं तान्हं बाळ खोकून खोकून निळं पडत होतं. ती नुसती त्याला पोटाशी धरून बसली होती, रडत पण नव्हती.

त्यात तो आवाज. शेजारच्या रंभाकाकीच्या फोनवर कुणीतरी पाठवलाय. बातम्या देणाऱ्यासारखा भारदस्त पुरुष सांगतो की खर्डी ते कसारा पट्ट्याखाली मेगाथ्रस्ट सापडला आहे, नऊ रिश्टरचा भूकंप कधीही होईल, सरकार लपवतंय. मी हसलेच. मेगाथ्रस्ट, आणि खर्डीखाली! हा शब्द मी दर वर्षी अकरावीच्या वर्गात शिकवते. त्या बाबाला कुठे सापडला कोण जाणे, आणि सापडला तो नको तिथे नेऊन ठेवला.

राघोदादा, म्हणजे पाड्याचा पोलीस पाटील, म्हणाला, "समे, तू भूगोलाची मॅडम. पुढल्या रविवारी येऊन सांग सगळ्यांना, ता काय हाय. तुझा ऐकतील."

मी हो म्हटलं. खरं लिहायचं तर मला ते बोलावणं फार आवडलं. सासरी सापगावात मी सून, कॉलेजात शिक्षिका, आणि बेलपाड्यात अजून सकुबाईची समी. तिथे पहिल्यांदा कुणी मला मॅडम म्हणून बोलावलं.

१९ जानेवारी, रविवार

झालं. छान झालं!

मारुतीच्या देवळापुढे सगळा पाडा जमला होता. मी दोन चटया मागवल्या. एक चटई म्हणजे समुद्राखालचा भूपट्ट, दुसरी म्हणजे जमिनीचा. पहिली दुसरीच्या खाली सारत नेली. "असं जिथे होतं, एक भूपट्ट दुसऱ्याच्या पोटाखाली जातो, त्याला म्हणायचं अधोगमन क्षेत्र. इंग्रजीत सबडक्शन झोन." मग राघोदादाला वरच्या चटईवर बसवलं आणि पुन्हा खालची सारायला सांगितली. सरेना. दोघातिघांनी जोर लावला तेव्हा ती एकदम सटकली आणि राघोदादा पाठीवर आडवा. पोरं खदखदून हसली. "दोन चटया जिथे एकमेकींना घासतात ती जागा म्हणजे मेगाथ्रस्ट. ती शंभर शंभर वर्षं अडकून राहते आणि मग एका दमात सुटते. जगातले सगळ्यात मोठे भूकंप तिथलेच. जपान, सुमात्रा, चिली. आपल्या देशातली म्हणजे अंदमानकडची. खर्डीखाली दुसरी चटईच नाही. एकच आहे, जाडजूड काळ्या दगडाची."

कोपऱ्यातून रंभाकाकी म्हणाली, "म्हंजे आमच्याखाली ता नाय?"

"नाही काकी. आपल्याखाली मेगाथ्रस्ट नाही."

"मग घरात निजू?"

बाळाच्या खोकण्याचा आवाज येत होता. मी म्हटलं, "निजा. खुशाल घरात निजा."

आई पहिल्या रांगेत बसली होती, लुगड्याचा पदर नीट घेऊन, लग्नात बसावं तशी. निघताना तिने माझ्या पिशवीत वालाच्या शेंगा कोंबल्या.

२२ जानेवारी

गणूच्या हर्षालीचा फोन. नववीत आहे, बोलायला लागली की थांबत नाही. सगळा पाडा घरात निजायला लागलाय. आता हादरा आला की पोरं अंगणात उड्या मारतात आणि ओरडतात, "मेगाथ्रस्ट नाय! मेगाथ्रस्ट नाय!" मोठी माणसंही म्हणतात म्हणे. रंभाकाकी तर देवाला दिवा लावताना म्हणते. रविनाचं बाळ खोकायचं थांबलं.

रात्री जेवताना ह्यांना सांगितलं. हे म्हणाले, "बघ, पंधरा वर्षं शिकवतेस, पहिल्यांदा कुणी धडा पाठ केला." मीही हसले. बरं वाटलं, खोटं कशाला बोलू.

२ फेब्रुवारी, रविवार

आईच्या घराच्या मागच्या भिंतीला तडा गेलाय. चुलीच्या वरच्या बाजूला तिने कॅलेंडर लावलं होतं, मला ते तिथे विचित्र वाटलं म्हणून सहज वर केलं. माझं बोट पेराएवढं आत गेलं. पलीकडून उजेड दिसत होता.

"कधीपासून आहे हे?"

"काय कधीपासून? जुनी भिंत हाय. मानसाला पन भेगा पडतात."

"आई, तू इथे निजतेस?"

"मग कुठं निजू? तूच सांगितलास ना घरात निजा म्हनून."

मी कॅलेंडर पुन्हा सोडलं. दगडमातीची हातभर रुंद भिंत, वर जड वासे, वाशांवर मंगलोरी कौलांचा थर. पाड्यातलं प्रत्येक घर असंच. मी याच घरात जन्मले आणि आजपर्यंत मला ते कधी जड वाटलं नव्हतं.

रात्र होण्याआधी सापगावला परत आले. उद्याच्या तासासाठी पुस्तक उघडलं आणि तसंच मिटलं. कशाला उघडायचं? मला पाठ आहे. किल्लारी. तिथेही दुसरी चटई नव्हती. अधोगमन क्षेत्र नाही, मेगाथ्रस्ट नाही, भूपट्टाच्या कडेपासून शेकडो मैल आत, असाच काळा दगड. पहाटेच्या झोपेत माणसं स्वतःच्या भिंतींखाली मेली. त्याआधी कोयना. दर वर्षी मी हे शिकवते, परीक्षेला विचारते, उत्तरात नसेल तर मार्क कापते. आणि त्या दिवशी देवळापुढे माझ्या डोक्यात ते आलंसुद्धा नाही. मला कुणीतरी मेगाथ्रस्टबद्दल विचारलं, मी मेगाथ्रस्टबद्दल सांगितलं. चटया, टाळ्या, राघोदादा आडवा.

ह्यांना सांगितलं. हे म्हणाले, "पण तू बोललीस त्यात खोटं काय होतं?"

काहीच नव्हतं. हेच तर आहे. एक शब्दही खोटा नव्हता.

५ फेब्रुवारी

जेवण जात नाही. तालुक्याच्या आपत्ती विभागाला फोन केला. तिथला माणूस सभ्य होता. भूकंप मोजायचं यंत्र बसवायचा प्रस्ताव गेलाय, म्हणाला. भूकंपाचं भाकीत करता येत नाही. लहान हादरे येऊन थांबतील किंवा मोठाही येईल. मी विचारलं, लोकांनी घरात निजावं की बाहेर? "मॅडम, खबरदारी घ्यावी." हे सांगून त्याने फोन ठेवला. मला त्याचा राग आला, पण त्याच्यापेक्षा शहाणपणाचं मी तरी काय बोलले होते? तो निदान खबरदारी म्हणाला. मी खुशाल म्हणाले होते.

हर्षालीने सांगितलं, काल एक हादरा जोराचा होता, हंडे पडले. "पन आत्या, कोन नाय घाबरला! सगळी बोलली, मेगाथ्रस्ट नाय."

मी म्हटलं, रविवारी मी येतेय, सगळ्यांना सांग.

९ फेब्रुवारी, रविवार

आज पुन्हा देवळापुढे उभी राहिले. चटया नाही, काही नाही. सरळ सांगितलं: मी अर्धंच बोलले होते. मेगाथ्रस्ट नाही हे खरं, पण त्याच्याशिवायही भूकंप होतो. नऊचा नाही होणार. पण आपली घरं पडायला नऊचा लागतच नाही. हादरे थांबेपर्यंत बाहेर निजा.

मग राघोदादा म्हणाला, "समे, पयला तू आत जा बोललीस, आमी गेलो. आता बाहेर ये बोलतेस. यातला खरा कोनता?"

"दोन्ही खरं आहे, दादा."

हशा पिकला. मी शिकवताना वर्गात कधी असा हशा झाला असता तर मी पोरांना बाहेर काढलं असतं.

रविना उभी राहिली. "ताई, माझा पोर त्या थंडीत जानार होता. तुझ्यामुलं वाचला. आता परत त्याला खळ्यात निजवू? मी नाय निजवनार. काय व्हायचा ता होऊ दे." बाळ कडेवर होतं, गुटगुटीत झालंय.

मी म्हटलं, माझ्यासाठी तरी. हात जोडले. तेवढ्यात आईच उठली. सगळ्यांकडे वळून, माझ्याकडे पाठ करून म्हणाली, "पोरीला परीक्षेच्या कामाचा ताप झालाय, निजत नाय बिचारी. पयला सांगितला ता तिनं पुस्तकातून सांगितला. ताच खरा. मी तर आतच निजनार."

माझ्याच आईने सगळ्यांदेखत मला तोंडघशी पाडलं! घरी जाऊन मी तिला वाटेल ते बोलले. ती तांदूळ निवडत होती, मान वर केली नाही. फक्त एवढं म्हणाली, "लोक हसत होती तुला." म्हणजे तिला लोकांचं हसणं ऐकू आलं, पण मी काय सांगत होते ते नाही. चहा न घेता निघाले.

गणूने मात्र ऐकलं. तो बायको-पोरीला घेऊन अंगणात मांडवाखाली निजणार आहे. आई नाही.

१३ फेब्रुवारी

बारावीच्या पेपरांची सुपरव्हिजन. पोरं लिहीत होती आणि मी खिडकीतून बघत होते, बाहेरच्या झाडाचं पान हललं तरी दचकत होते. फोन बंद ठेवावा लागतो. तीन तास. त्या तीन तासांत काय काय होऊ शकतं याचा विचार करत येरझाऱ्या घालत राहिले, शेवटी शिपायाने खुर्ची आणून दिली.

संध्याकाळी आईला फोन. रडले, ओरडले, शपथ घातली. ती म्हणते, "घर असून भायेर निजायला मी काय भिकारीन हाय?" एवढा हट्टी जीव मी दुसरा पाहिला नाही. बाबा गेले तेव्हाही अशीच, कुणाकडे एक दिवस राहायला गेली नाही.

तिला उचलून सापगावला आणावं म्हणून गणूला सांगितलं. गणू म्हणाला, "ताई, तू आईला वलखतेस ना?"

१७ फेब्रुवारी

आज सुचलं. हे सकाळी दाढी करता करता म्हणाले, "यंदा कौलं चाळायला माणसं आधीच सांगायला हवीत, मेमध्ये कुणी मिळत नाही." मी हातातलं लाटणं तसंच धरून उभी राहिले.

दर उन्हाळ्यात कौलं खाली उतरवायची, झाडायची, फुटकी बदलायची, वासे बघायचे आणि पावसाआधी परत रचायची. जितके दिवस छप्पर उघडं तितके दिवस घरची माणसं अंगणात मांडव घालून राहतात. त्याला कुणी भित्रा म्हणत नाही. आणि कौलं उतरली की भिंतींवरचं ओझंही उतरतं. हे काम बेलपाड्यात मजुरीने होत नाही, सावडीने होतं. आज सगळ्यांनी तुझ्या घरावर राबायचं, उद्या तू माझ्या. सावडीचं बोलावणं आलं की नाही म्हणायची रीत नाही. ज्याच्याशी भांडण आहे तोही येतो, फक्त बोलत नाही.

मी आता कुणाला काही पटवायला जाणार नाही. पटवून झालं. सावड बोलावणार.

२३ फेब्रुवारी, रविवार

घरोघर जाऊन सावड घातली. काय थापा मारल्या! मेमध्ये लग्नं आहेत, माणसं वीटभट्टीवरून उशिरा येतील, माझी तेव्हा पेपर तपासणी, मला माहेरच्या घराला हात लावायचाय तो आत्ताच. भूकंप हा शब्द तोंडातून काढला नाही. राघोदादाने माझ्याकडे जरा जास्तच वेळ बघितलं. मग म्हणाला, "थंडी पन मोडलीच हाय. घालू मांडव." रंभाकाकी म्हणाली, "माझा पयला घ्या रे, माझी कौला लय गळतात." रविनासुद्धा तयार झाली.

मला वाटतं, त्यांनाही बाहेर यायचंच होतं. फक्त घाबरून नव्हतं यायचं.

आईचं घर सगळ्यात आधी करू म्हटलं, भिंतच तशी आहे. तर आई म्हणाली, "सावड कोनी घातली? आपन. मग आपला घर शेवटी. आधी दुसऱ्यांचा." ही आमच्याकडची रीतच आहे, बोलावणाऱ्याचं काम अखेरीस. मी वाद घालणार होते. पण राघोदादा समोर होता, तो मान डोलावत होता, आणि मला भीती वाटली की मी जास्त ताणलं तर सगळंच मोडेल. म्हटलं, बरं.

२ मार्च, रविवार

चार-पाच घरं उघडी झाली. दर रविवारी मी जाते, बाकी दिवस गणू करतो. बायकांच्या रांगेत उभी राहून कौलं हातोहात खाली देते. तळहात सोलपटलेत, कॉलेजात खडू धरवत नाही. रंभाकाकी म्हणते, "मॅडमला काम जमतं गो!" आज एक हादरा आला, वर बसलेली पोरं वाशाला धरून "मेगाथ्रस्ट नाय" म्हणाली, आणि मला पहिल्यांदा ते शब्द ऐकून शिव्या द्याव्याशा वाटल्या नाहीत. त्यांच्या अंगावर पडायला काही उरलं नव्हतं.

रविनाच्या अंगणात आंब्याखाली मांडव घातलाय. बाळ झोळीत होतं. मी झोळीला झोका दिला आणि रविना म्हणाली, "ताई, रागवलीस माझ्यावर?" मी नाही म्हटलं. मग का कोण जाणे, मांडवाच्या खांबाला धरून रडले. ती बिचारी पाणी घेऊन धावत आली.

आई अजून आत निजते. कौलं उतरली की येईन म्हणते.

९ मार्च, रविवार

अर्ध्याहून जास्त पाडा आभाळाखाली आलाय. कणग्यांवर पेंढा नि ताडपत्री. माकडांचा त्रास सुरू झाला म्हणून राघोदादा मला शिव्या देतो, पण हसत हसत.

मी रोज हिशेब करते, अजून किती घरं, मग आपलं. कुणाचा पाहुणा आला, कुणी आजारी पडलं की एक दिवस पुढे जातो, आणि मला त्या पाहुण्याचा गळा दाबावासा वाटतो. तड्याबद्दल हर्षालीला विचारलं. म्हणाली, "आजीनं दुसरा कॅलेंडर लावलाय. मोठा."

१५ मार्च

होळीमुळे काम थांबलं होतं. आता बाकीची सगळी घरं झाली. उद्या आपलं घर.

इतकी दमलेय की पेन धरवत नाही, पण आज लिहायचंच. उद्या संध्याकाळी आई मांडवात निजेल. मग भूकंप येवो नाहीतर न येवो. आला नाही आणि जन्मभर पाडा मला हसला, तरी चालेल. मनापासून लिहितेय.

संध्याकाळी फोनवर तिच्याशी थोडी वादावादी झाली. सावडीच्या माणसांना वालाचं बिरडं आणि भाकऱ्या घालणार म्हणते. मी म्हटलं, अंगणात तीन दगड मांडून कर. "तीन दगडांवर? शेवटच्या सावडीचा जेवन? सगळी राबली आनि आमी अंगनात शिजवून घालू? माझी चूल आत हाय." मी म्हटलं, आई, एकच दिवस राहिलाय ना. ती म्हणाली, "तेच तर. एकच दिवस." मला हसू आलं. म्हटलं, कर बाई काय करायचंय ते.

२० मार्च

आई गेली. रविवारी, सोळा तारखेला.

सकाळी अकराच्या सुमारास. छपराच्या पुढच्या पाख्यावरची कौलं उतरवून झाली होती, माणसं मागच्या पाख्याकडे सरकत होती. मी अंगणात कौलं रचत होते. बिरड्याचा वास येत होता. तिने आतून हाक मारली, "समे, पानी दिलंस का सगल्यांना?" मी "हो" म्हटलं. दिलं नव्हतं, देणार होते.

मग तो आला. घरघर नव्हती, धक्काच. वरची माणसं उड्या टाकून बाहेर पडली, राघोदादाचा पाय मोडला. मागची भिंत आत पडली, चुलीवर.

सगळ्यांनी मिळून दगड काढले. ते हातही सावडीचेच होते. रंभाकाकी मला धरून बसली होती, मी तिच्या दंडाला चावले असं ती नंतर म्हणाली. मला आठवत नाही.

पाड्यात आणखी सहा घरांच्या भिंती पडल्या. त्या घरांत कुणी नव्हतं.

२८ मार्च

आज तेरावं. सापगावहून सगळे आले होते. भटजी गेले, पंगत उठली आणि पाड्यातली माणसं एकेक करून माझ्यापाशी आली. "मॅडम, तुमच्यामुलं आमी वाचलो." रविनाने बाळ माझ्या पायांवर घातलं. मी ते उचललं नाही. मला उचलवलं नाही. पेपरवाला एक जण आला होता, त्याला माझा फोटो हवा होता. ह्यांनी त्याला हाकललं.

दुपारी रंभाकाकी माझ्याजवळ टेकली. म्हणाली, "तुझी आय रोज सकाली पयली माझ्या दारात यायची. सांगायची, बघ, निजली ना मी आत? काय झाला? माझ्या लेकीचा शब्द हाय. मग पानवठ्यावर जायची, तिथं पन सगल्यांना सांगायची. तू दुसऱ्यांदा आलीस, आमी हसलो ना तुला, त्याच्या दुसऱ्या दिवसापासून तर घराघरात जाऊन सांगायची."

आईला माझं कौतुक मिरवायची हौस होतीच. दहावीला मी पहिली आले तेव्हाही गुणपत्रिका घेऊन सगळ्या पाड्यात फिरली होती, वाचता येत नसताना. मी काकीला तसं सांगितलं. काकी माझ्याकडे बघत राहिली, मग म्हणाली, "तसाच असंल गो," आणि उठून भांडी घासायला गेली.

एवढी हट्टी नसती तर आज असती.

११ एप्रिल

पेपर तपासायला आलेत. कॉलेजात सगळे माझ्याशी हळू आवाजात बोलतात. यंत्र बसलं बेलपाड्यात. हादरे कमी झालेत, असं गणू सांगतो. नव्या पत्र्याच्या खोल्या मंजूर झाल्यात. गणू विचारत होता, जुन्या जागीच बांधू की सरकवू? मी म्हटलं, तुला हवं तसं. चुलीची जागा मात्र मोकळी ठेव. का ते मलाही सांगता आलं नाही.

वालाच्या शेंगा जानेवारीतल्या, तिने पिशवीत कोंबलेल्या, फडताळात सुकून पडल्यात. सोलल्या नाहीत. टाकल्याही नाहीत.

१४ जुलै

अकरावीच्या नव्या वर्गावर तो धडा आज आला. महिनाभर टाळत होते. फळ्यावर दोन रेघा काढल्या, एक दुसरीच्या खाली वळवली. अधोगमन क्षेत्र, मेगाथ्रस्ट. व्याख्या लिहून दिली. चटया आणल्या नाहीत.

पहिल्या बाकावरच्या पूजाने हात वर केला. आटगावहून येते, तिला बेलपाड्याची गोष्ट माहीत नसावी. "मॅडम, आपल्याकडे आहे का मेगाथ्रस्ट?"

"नाही," मी म्हणाले. वर्गाने वह्या मिटायला घेतल्या. मी म्हटलं, "उघडा त्या. पुढचं लिहून घ्या."

घंटा होऊन गेली तरी मी सांगत होते. भूपट्टाच्या कडेला नसलेले भूकंप. जड छप्पर, दगडमातीची भिंत, तडा. कुठे निजावं, कुठे शिजवावं. मग उदाहरणं फळ्यावर लिहिली. कोयना. किल्लारी. बेलपाडा.

पूजा म्हणाली, "मॅडम, तिसरं पुस्तकात नाही."

"नाही. तरी लिहा."

"तिथे किती माणसं मेली?"

"एक," मी म्हटलं, आणि सगळ्यांनी ते वहीत लिहून घेतलं.